कदमकाकांनी हात वर केला

काळाचौकी, मंगळवार, संध्याकाळ

जिंकलो. कदमकाकांनी हात वर केला, खरंच केला.

मंडळाच्या गणपतीच्या देखाव्याला हवामान बदल हा विषय कधीच ठरला, पण त्याच्या निवेदनात काय ऐकवायचं यावरून तीन बैठका भांडणात गेल्या. गिरणी संपात नोकरी गेलेले काका म्हणतात, दोष मालकांच्या नफ्याचा, सरकारने लगाम घालावा. बिल्डर सावंतभाऊ म्हणतात, सरकारने बाजूला व्हावं, बाजारच उपाय शोधेल.

आज मीच उठलो. म्हटलं, "समुद्र तापला म्हणून शीव कोळीवाड्यातल्या रेवतीच्या बाबांना मासळीसाठी केवढं लांब जावं लागतं. निवेदनात आधी त्यांच्याच आवाजात ते ऐकवू, मग तुम्हा दोघांचे उपाय. लोक ठरवतील."

भाऊ हसले. "कॉलेज सोडलेला शिकवतोय आम्हाला."

"शिकवू दे की," काका म्हणाले. "तीन बैठकांत आपण काय शिकलो?" आणि तो हात. मग नाइलाजाने भाऊंचाही.

हे समुद्रासाठी केलं की रेवतीसाठी? दोघांसाठी. लपवू कशाला.

तिला फोन केला तर तिच्या बाबांनीच उचलला. आजवर माझा आवाज ऐकला की ठेवून द्यायचे. आज सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "लिवलेलं वाचनार नाय मी. रविवारी घरी ये, काय ते सांगतो."