माळ्यावरची हाळी

आये, तुझ्या पाया पडतो.

मी बरा आहे. फोनवर तू भावेशदादाचंच विचारत राहतेस, म्हणून कागदावर लिहितो. योगिता वाचून दाखवेल. ताई, काही गाळू नकोस.

आपल्या वावर गावच्या शाळेत दादाला शाल दिली, तो फोटो पाहिला. मीही फौजेतच आहे ना? पण सरपंच विचारतात, "धाकटा अजून कम्प्युटरवरच का?" आणि तू हसून हो म्हणतेस.

कामाचं जास्त लिहिता येत नाही. आकाशातले उपग्रह सीमेपलीकडचे फोटो पाठवतात, ते आम्ही बघत बसतो. काही हललं की कळवायचं. आपल्या नागलीची राखण आठव. शेतातल्या माळ्यावर मी बसायचो, डुकरं दिसली की हाळी द्यायचो आणि धावायचा दादा. गावभर काय व्हायचं? भावेशने डुकरं पळवली!

बाबांचा खोकला कसा आहे? नागली कापून झाली का?

मागच्या महिन्यात दादाची चौकी एकाएकी हलवली, तेव्हा तो किती चिडला होता. तूही म्हणालीस, खोलीत बसणाऱ्यांना काय कळतं. दोनच दिवसांनी त्या जुन्या जागेवर तोफगोळे पडले. दादा वाचला म्हणून तू वाघोबा देवाला कोंबडा दिलास.

आये, ती हाळी माझी होती.

दादाला सांगू नकोस, घराबाहेर तर नाहीच. फक्त रविवारी फोन करशील तेव्हा, दादाचं विचारायच्या आधी, मी जेवलो का ते विचार.

तुझाच धाकटा,
कमलेश