हेमराजने सोडलेली गोळी

देवळी, ७ जानेवारी २०२५

चि. हेमराज यास मधुकरकाकाचे अनेक आशीर्वाद.

फोनवर बोललेलं तू कापून तुझ्या यूट्यूब चॅनलवर टाकतोस, म्हणून हा कागद. काल दुपारी टीव्हीवर तुझी चर्चा पाहिली. डॉक्टरीणबाईंनी तोंड उघडलं की निवेदक ओरडे, नाहीतर जाहिरात लागे. त्यांच्या नावाखाली नुसतं ‘डॉक्टर’, तुझ्या नावाखाली ‘आरोग्यगुरू’! बारावीत आपटलेला गुरू. शुगरची गोळी सोडा, मेथीचं पाणी प्या, मीही सोडली, असं छातीवर हात ठेवून सांगत होतास.

तुझ्या काकूनं तुझे व्हिडिओ पाहून दिवाळीपासून तेच केलं. आता पायाची जखम भरून नाई राह्यली. हेमराज खोटं काऊन बोलेल, म्हणते. तिले खरं सांग, नाहीतर या घरात पाय ठेवू नको.

लोभ आहे, वाढेल असं काही कर.
मधुकर

सिंदी मेघे, १० जानेवारी

ती. काकांस सा. न. वि. वि.

पत्र पावलं, शिव्याही पावल्या. डॉक्टरांचं दुकान बसते म्हणून ते चिडतात, तुम्ही काऊन चिडता? नळजोडणी तुम्ही कोणत्या कॉलेजात शिकले? तरी अर्ध्या देवळीचे नळ तुमच्याच हातचे ना? मीही तसाच शिकलो. गोळीशिवाय ठणठणीत आहे. काकूला मेथी चालू ठेवायला सांगा.

रागातही लोभ सांडू नये.
हेमराज

देवळी, १४ जानेवारी

चि. हेमराज यास आशीर्वाद.

आज संक्रांत. तिळगूळ पाठवत नाही. काऊन, ते तुले माहीत आहे.

कॉलेजात नाही शिकलो, खरं. पण माझा नळ गळला तर गिऱ्हाईक सकाळी माझ्या दारात उभं राह्यते. तुझं गिऱ्हाईक कोणाच्या दारात जाईल?

त्या चर्चेत मोबाइलवर होतास, घरून बोलतो म्हणालास. निवेदक ओरडत होता तेव्हा तुझ्यामागे दवाखान्याचा भोंगा वाजला. हेमराजनं शुगरच्या गोळ्या न्यायले खिडकीवर यावं, असा पुकारा झाला. साऱ्यांनी निवेदक ऐकला, मी पुकारा ऐकला. आणि लेका, तू मान वळवलीस.

काकूले सांगितलं नाही. तिले माझं पटत नाही, डॉक्टरचं पटत नाही, तुझंच पटते. रविवारी येजो. तुझी गोळी खिशात आणजो, तिच्यासमोर गिळजो. त्याचा व्हिडिओ टाकलास तर तेवढा एक मी पाहीन.

लोभाचं त्यानंतर पाहू.
मधुकर

सिंदी मेघे, १६ जानेवारी

ती. काकांस सा. न.

रविवारी येतो. मोबाइल आणतो, धरायचा मात्र तुम्ही. काकूला पाण्याचे दोन पेले भरून ठेवायला सांगा.

हेमराज