खिडकीतली वाटी

प्रिय चिंगी,

सरकारी दवाखान्यात केसपेपरच्या खिडकीत बसणाऱ्या बाईंना चिंगी म्हणायचं नाही, असं तू मला बजावलं आहेस. पण सध्या साहेबांनी तुला खिडकीतून उठवून घरी बसवलंय, तेव्हा निलंबन उठेपर्यंत तरी मी म्हणून घेणार.

परवा तुझा फोन आला तेव्हा एक गिऱ्हाईक स्वतःची किल्ली हरवून माझ्यावर डाफरत होतं. मी नुसतं 'बघू' म्हणून फोन ठेवला. तुला वाटलं असेल, बाबा रागावला. तुझ्या आईलाही तसंच वाटलं, आणि तेव्हापासून ती माझ्याशी कामापुरतंच बोलते. मी रागावलो नव्हतो गं. गिऱ्हाइकासमोर मला फोनवर मनातलं बोलता येत नाही, एवढंच.

गल्लीत बातमी पोचली आहे. वरच्या मजल्यावरचे मास्तर सांत्वनाला येऊन बसले आणि पैशांचं प्रकरण वाईट, असं चार वेळा म्हणाले. आईने त्यांना ठणकावून सांगितलं की गल्ल्यात पैसे कमी नाही, जास्त निघाले. जास्त निघाले तर गुन्हा कसला, हे मास्तरांना काही केल्या कळेना. मग मी समजावलं. पावत्यांपेक्षा गल्ला कमी भरला तर कारकुनाने खाल्ले, जास्त भरला तर पेशंटकडून उकळले, असा तो हिशेब. नियमात खोट नाही. माझ्या दुकानात गिऱ्हाइकाच्या कुलपाची जादा किल्ली सापडली, तर ती मी कशाला ठेवली हे लोक विचारणारच.

पण तुमची वाटी मला ठाऊक आहे. खिडकीच्या कट्ट्यावरची ती स्टीलची वाटी. सुटे परत घ्यायला न थांबणाऱ्यांचे पैसे तिच्यात पडायचे, आणि ज्याला केसपेपरला थोडे कमी पडायचे त्याचे तिच्यातून भरले जायचे. कोण टाकतं, कोण काढतं, कुणी बघत नसे. त्या दिवशी आयामावशींनी कट्टा पुसताना वाटी उचलून गल्ल्यात सरकवली, ती परत बाहेर ठेवायची राहिली आणि नेमकं तपासणी पथक येऊन उभं राहिलं. बाई आयुष्यभर टापटीप राहिली, तीच अंगाशी आली.

मग तुझ्या खिडकीतल्या सगळ्यांनी हात वर केले. वाटी मावशींची, आम्हाला काय माहीत, असं लिहून देऊन मोकळे झाले. माझा त्यांच्यावर राग आहे, पण फार नाही. घरं चालवायची असतात. तू मात्र लिहून दिलंस की वाटी आम्हा सगळ्यांची होती, मीही टाकले, मीही काढले. हे तू फोनवर इतक्या हळू सांगितलंस, जशी काही लहानपणी कपबशी फोडून आलीस. मी ते आईला मोठ्याने सांगितलं. मास्तरांनाही सांगितलं. आज किल्ल्या करायला आलेल्या एका अनोळखी माणसालाही सांगितलं, बिचारा घाईत होता तरी. मला तुझा अभिमान वाटतो, चिंगे. तुला नोकरी लागली तेव्हाही वाटला होता, पण तेव्हा छाती एवढी फुगली नव्हती.

तू विचारलंस, आता साहेब म्हणतात की तूही मावशींचं नाव लिहून दिलंस तर निलंबन मागे घेतो, तर काय करू. मावशी कंत्राटावर आहेत, त्यांना नोटीस नाही, थेट दरवाजा. तुला हे माहीत आहे, म्हणूनच झोप लागत नाही. उत्तर तुझ्याकडे आहे, तुला फक्त ते माझ्या तोंडून ऐकायचंय. तर ऐक. लिहून देऊ नकोस. पगार थांबला तर दुकान आहे, आणि आईचा हात तसाही सढळ नाही.

आता एक गोष्ट, जी मी घरात कुणाला सांगितली नव्हती. मागच्या थंडीत तुमच्या गावी किल्ल्यांचा माल घ्यायला आलो असताना छातीत कळ आली, तेव्हा मी तुला न सांगता तुमच्याच दवाखान्यात गेलो होतो. तुझी सुट्टी आहे हे बघूनच गेलो, नाहीतर तू आकाशपाताळ एक केलं असतंस. घाबरून बराच गोंधळ केला मी, पाकीटही त्या मालाच्या दुकानात विसरलो. खिशात चिल्लर होती, ती पुरेना. मी रांगेतून बाहेर पडायला लागलो, तर शेजारी फरशी पुसणाऱ्या याच मावशींनी ओळखपाळख नसताना वाटीतले पैसे काढून खिडकीत सरकवले आणि मला पुढे ढकललं. डॉक्टर म्हणाले, वेळेवर आलात. पुढच्या सोमवारी तुमची चौकशी आहे ना, तिथे वाटीतले पैसे कुणाच्या खिशात गेले हे विचारतील. मी दुकान बंद ठेवून सकाळच्या गाडीने येतोय. तुझा बाप म्हणून नाही, ज्याचा केसपेपर त्या वाटीतून निघाला तो माणूस म्हणून साक्ष द्यायला. पत्र पेटीत टाकलं की आईलाही हे सगळं सांगेन. माझ्यासाठी चहा टाकून ठेव.

कळ गेलेला, ठणठणीत,
तुझाच बाबा