भिंतीतल्या दगडापुढचा भात

२४ सप्टेंबर २०१६, शनिवार, संध्याकाळ

आज बाबांची तिथी. इथे परदेशात, क्लेमेंटीतल्या आमच्या फ्लॅटकडे कावळा फिरकत नाही, म्हणून दुपारी बायको मेधा आणि मी पान घेऊन टेकडीवरच्या पार्कमध्ये गेलो. तिथे पूर्वी इंग्रजांचं कब्रस्तान होतं. थडगी कधीच काढली, त्यांचे दगड तेवढे विटांच्या भिंतीत बसवलेत.

भिंतीखाली पान ठेवलं. कावळा वर येऊन बसला, पण शिवेना. आईला एकटी ठेवणार नाही म्हणालो, तरी शिवेना.

मेधा समोरचा दगड वाचत होती. नाव पार झिजलेलं, फक्त 'वय सात महिने' एवढं उरलंय. "एवढं राज्य केलं यांनी, आणि या बाळाचं नावसुद्धा कुणाला माहीत नाही," ती म्हणाली. डब्यातला थोडा भात तिने त्या दगडापुढे ठेवला.

कावळा लगेच उतरला आणि त्याने तो भात खाल्ला. बाबांचं पान तसंच. मग माझ्याकडे बघत बसला.

मी बोलून गेलो, "बाळा, तुलाही दरवर्षी ठेवीन." मराठीत का बोललो? त्याला काय कळणार? पण कावळा वळला आणि बाबांच्या पानाला शिवला.

मेधाने समाधानाने हात जोडले. माझ्या डोळ्यांपुढे अजून दगडावरचं सात महिने, सात महिने एवढंच.

माझा इथला नोकरीचा पास मार्चमध्ये संपतोय आणि कंपनी तो वाढवणार नाही, म्हणजे परत जावं लागणार. मेधाला सांगितलेलं नाही. पुढच्या वर्षी तिथे भात कोण ठेवणार? आणि त्या बाळाची माफी मागायची, तर हाक कुठल्या नावाने मारू?