पोकळी भरणारं मॉड

२ जून

ब्राउझरवाल्यांनो, ही रोजनिशी तुमच्यासाठी! आपल्या जुनाट लॅपटॉपवर ठोकळ्यांचा तो मोठा खेळ चालत नाही, म्हणून आपण ब्राउझरमध्ये खेळतो आणि जग आपल्याला फुकटे म्हणून हिणवतं. हिणवू दे!

नोकरीसाठी आजच ताईकडे राहायला आलो. खिडकीजवळची खोली मिळाली. आल्या आल्या खेळात तिचं अख्खं घर बांधायला घेतलं. खोल्या, कपाटं, न्हाणीघराचं दारसुद्धा. भावजी म्हणाले, मेहुणबुवा, त्यापेक्षा आमच्या गच्चीचा कठडा बांधून द्या.

५ जून

घर झालं, पण खेळ अडकत अडकत चालतो. म्हणून मॉड लिहिलं, खेळाची चाल बदलणारा छोटा प्रोग्रॅम. चहूबाजूंनी बंद असलेली पोकळी कुणालाच दिसत नाही. मग कॉम्प्युटरने तिचं ओझं का वाहावं? मॉड ती दगडाने भरून टाकतं. खेळ सुसाट! तुम्हा सगळ्यांना वाटून टाकलं. येऊ द्या फुकट्यांचं राज्य!

७ जून

ताईचं कपाट उघडलं तर आत दगड. करडा, सपाट, थेट दारापर्यंत. एका शर्टाची बाही तेवढी बाहेर.

खेळातल्या कपाटाला भोक पाडलं. इथला दगड नाहीसा झाला. कपड्यांचा भुगा. ताई म्हणाली, एवढी जादू येते तर आधी माझी धुणी धू.

मॉड काढून टाकलं.

८ जून

मॉड नाही, तरी चालूच आहे. साखरेच्या डब्यात दगड. खेळातलं घर पाडावं म्हटलं, पण इतकं हुबेहूब जमलंय, हात धजेना. कुठलंही दार लावू नका, असं घरात बजावलं. भावजींनी विचारलं, न्हाणीघराचंही? आणि पोट धरून हसले.

९ जून

ताई आंघोळीला गेली. सवयीने कडी लावली. हाक मारली, तर ओ अर्धीच आली—

लॅपटॉपकडे धावलो. एक भोक, बस्स. खेळाचं पान अडकलं. आणि मी तेच केलं, जे तुम्हाला रोज सांगतो. पान अडकलं, ब्राउझर साफ करा—

आपली जगं ब्राउझरमध्येच साठतात. घर पुसलं गेलं. भोक पाडायला भिंतच नाही.

दुपार

भावजी पहार मारताहेत. ओरखडाही नाही.

जिभेवर दगडाची कचकच लागतेय. तोंडही पोकळीच. मिटलं की—

पहार थांबली. हाक मारतोय, भावजी ओ देत नाहीत—

ब्राउझर साफ करू नका! आत्ता खेळ उघडा. आपलं घर बांधलं असेल, तर त्याच्या प्रत्येक भिंतीला आधी भोक पा—