पडद्यावर तुमचं नाव

बाई, कतारला, दोहा शहरात सगळे तुम्हाला मॅडम म्हणत, तोंडावर मीही तेच म्हणे. पण मनात तुम्ही पहिल्यापासून बाईच होतात, आमच्या रत्नागिरीच्या शाळेतल्यासारख्या. सत्तरचं दशक सरत आलं होतं. बिन महमूद वस्तीतल्या त्या इमारतीत तुम्ही वर, मी खाली. मी ऑफिसात नकाशे काढणारा ड्राफ्ट्समन. तुम्ही युक्रेनमध्ये सात सिनेमांना संगीत दिलेल्या, अरब डॉक्टरांशी लग्न करून इथे आलेल्या आणि आता शेजारच्या पोरांना पियानो शिकवणाऱ्या. नकाशांवरचा माझा हात बघून तुम्ही मला स्वरलिपी उतरवायला दिलीत. पियानो स्वयंपाकघरातच होता, शेजारी बिटाचं सार उकळत होतं. मी पट्टी लावून सगळं सरळसोट काढलं. कागद बघताच तुम्ही हातातला डाव ओट्यावर आपटलात. "हा तर जिना काढलायस! वाजवणाऱ्यानं श्वास कुठे घ्यायचा?" असं मला साहेबही कधी बोलले नव्हते. पण दोन-तीन महिन्यांत कागद उतरवताना सूर कानात वाजायला लागले.

मग ती फिल्म आली, समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या कारखान्याची. निर्माता म्हणाला, "रेकॉर्डवरचं काहीतरी लावू मॅडम, खलास." तुम्ही म्हणालात, "आठ दिवस द्या. नाही आवडलं तर लावा रेकॉर्ड." हॉटेलच्या बँडमधले चार गोवेकर व्हायोलिनवाले आणलेत, आणि मोती काढणाऱ्यांच्या होड्यांवर गायलेला एक म्हातारा कतरी. म्हातारा मनाला येईल तिथे गाणं उचले. गोवेकर वैतागले. तुम्ही माझ्याकडून पेन्सिल घेतलीत आणि स्वतःचं अख्खं पान खोडलंत. "त्याला अडवू नका. तो गाईल, आपण मागून जाऊ. यल्ला, चला!"

फिल्मचा पहिला खेळ. सभागृह भरलंय. तुम्ही पहिल्या रांगेत, पर्स मांडीवर घट्ट धरून, मी शेवटच्या. पडद्यावर नळातून पाणी येतं, म्हाताऱ्याचा आवाज चढतो, त्याच्याखालून व्हायोलिनं येतात, आणि माझ्या पुढ्यातल्या शेखांच्या हातातली जपमाळ थांबते. तुमचं नाव येतं, अरबीत आणि इंग्रजीत. एक टाळी. मग सगळं सभागृह उभं. निर्माता धावतच आला, "पुढची फिल्मही तुमचीच, इन्शाल्ला." आणि झालीही. पाच वर्षांत नऊ फिल्म्स. कुवेतहून, मस्कतहून बोलावणी. शिकवण्या बंद झाल्या. तिसऱ्या फिल्मपासून निर्मात्याशी भांडून तुम्ही नामावलीच्या शेवटी बारीक अक्षरांत माझंही नाव घालायला लावलंत. पेपरात ते छापून आलं, ते कात्रण माझी आई देवघरात ठेवत असे.

त्या पहिल्या खेळाची गोष्ट तुम्ही शेवटच्या आजारपणातसुद्धा येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचात: पहिली टाळी कुणा अनोळखी माणसानं वाजवली. मी दरवेळी मान डोलवायचो. हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून सांगून टाकतो. ती टाळी माझी होती, बाई. उभं राहायचं मात्र मला सुचलंच नाही. बाकी सगळे उठले, तेव्हा मी खुर्चीत बसून रडत होतो.