आधी अपील करा

५ जानेवारी
पोलीस पाटीलकी गेल्यापासून दार कोणी वाजवत नाय. आधी जेवायला बसलं की हमखास कोणीतरी यायचं, "काकू, चला लवकर!" लई वैताग यायचा. आता ताट घेऊन दाराकडंच बघत बसते. दूध पावशेर घेते. एकटीला किती लागतं?

९ जाने.
शहरात, वकीलसाहेबांकडं. सगळं परत सांगितलं. भीमा अन् सखाराम, सख्खे भाऊ, बांधावरून हाणामारी. मी दोघांना माझ्या ओट्यावर बसवलं, चहा पाजला, मिटवलं. ठाण्यात कळवलं नाय. गावात असंच मिटतं! अन् नंतर भीमानंच अर्ज दिला, बाईनं माहिती दडवली म्हणून. प्रांतसाहेबांनी मला विचारलं पण नाय. थेट काढलं.
वकील म्हणाले, "आधी वर अपील करायचं असतं." प्रांतांच्याच वरच्या साहेबाकडं? मुळीच नाय. हायकोर्टातच जायचं, म्हटलं. हे असते तर म्हणाले असते, ऐक जरा बाई.

२२ जाने.
याचिका दाखल. लासूर स्टेशनला दिलेल्या लेकीला फोन केला. "आई, सोड ना ते. इकडं ये राहायला." जावयाच्या घरी बसून काय करू?

३ मार्च
कोर्ट. सकाळपासून बाकावर. सोबत कोणी नाय, डबा पण खाववला नाय. नंबर आला. वकील म्हणाले, न ऐकता काढलं म्हणून थेट आलो. जजसाहेब शांतपणे, "हेच अपिलात सांगा. तिथं दाद मागता येते ना?"
चहा निवायच्या आत बाहेर. याचिका मागं घेतली. अपिलाची मुदत गेलेली, पण कोर्टात गेलेले दिवस मुदतीत धरू नयेत असं लिहून मिळालं. वकील म्हणे, "हरलो नाही काकू, आधी तिकडं जायला हवं होतं." तेच तर ते पहिल्या दिवशी सांगत होते, मीच ऐकलं नाय.
फुलंब्रीच्या गाडीत खिडकीकडं तोंड करून रडले. शेजारच्या बुरखेवाल्या बाईनं विचारलं, "क्या हुआ अम्मा?"

११ मार्च
अपील दिलं. वकिलांनी बजावलं, निकाल लागेपर्यंत कोणाचं भांडण मिटवायला जाऊ नका, तेच परत तुमच्यावर लावतील.
मला कोण बोलावतंय!

२ एप्रिल
तिन्हीसांजेला दार वाजलं. धावतच गेले. भीमा! मान खाली.
"काकू, सखारामचं अन् माझं परत पेटलंय. उद्या सकाळी बसवा ना आम्हाला. दुसऱ्या कोणाचं ऐकत नाय तो."
"मेल्या, तुझ्याच अर्जानं गेली ना माझी पाटीलकी?"
"व्हय."
"मग ठाण्यात जा की."
गेला नाय. ओट्यावर बसून राहिला बराच वेळ. मी हो म्हटलं नाय. नाय पण म्हटलं नाय.

३ एप्रिल, सकाळ
अपिलाची तारीख अजून नाय. ओटा झाडला. दूध लिटरभर घेतलं. वकिलांना सांगायचं नाय.
चहा उकळतोय. दोघंही अजून दिसत नाहीत.